दहा शब्द, उदाहरणांसह

खोटं बोलता तुम्ही सगळे! माना हलवू नका. तुमच्यातल्या एकानेही आयुष्यात कुणासमोर सरळ उभं राहून "मला तू आवडतेस" किंवा "आवडतोस" म्हटलेलं नाही. वही मागितलीत. छत्री विसरलात. "चुकून तुझा नंबर लागला" म्हणालात. "इकडूनच चाललो होतो, म्हटलं डोकवावं" म्हणालात, आणि आला होतात मुद्दाम दोन बस बदलून! तुमच्या या सवयीपायी माझी भर सभेत जी शोभा झाली ती आज ऐकाच. चहा घ्या, बिस्किटं घ्या. मध्ये हसायचं मात्र नाही. मला अजून राग येतो.

तेव्हा मी पंचवीस वर्षांची होते आणि मेडनहेडच्या एका कंपनीत सॉफ्टवेअर तपासत होते. म्हणजे दुसऱ्यांच्या चुका शोधायच्या आणि त्याचा पगार घ्यायचा. माझ्या स्वभावाला याहून चांगलं काम पृथ्वीवर नसेल. पण जीव सगळा मराठीत! इंग्लंडात आल्यावर मोठ्या उत्साहाने हॅरोच्या मराठी मंडळात गेले, तर तिथे अध्यक्षबाई माइकवरून सांगत होत्या, "अवर मदर टंग इज डाइंग." आणि टाळ्या! मातृभाषा मरतेय हे इंग्रजीत ऐकून टाळ्या! मी उभी राहिले आणि म्हणाले, "मरत नाहीये, तुम्ही मारताय!"

यावर टाळ्या पडल्या नाहीत.

अध्यक्षबाई गोड हसल्या. "मग तू घे ना गं वर्ग!"

असा माझा वर्ग सुरू झाला. दर रविवारी अकरा ते एक, मंडळाने भाड्याने घेतलेल्या सभागृहामागची छोटी खोली. मेडनहेडहून पॅडिंग्टन, तिथून बेकर स्ट्रीट, मग मेट्रोपॉलिटन लाइनने हॅरो. रविवारी रुळांची दुरुस्ती हमखास, म्हणजे मध्येच उतरून बस. जायला दोन तास, यायला दोन तास. कशासाठी? भाषेसाठी! दुसरं काही नाही!

आणि मंडळाचे सचिव कारखानीसकाका काय म्हणाले? "हे बघ मुक्ता, गुढीपाडव्यापर्यंत पाच विद्यार्थी तरी दाखव. नाहीतर खोली डान्सवाल्यांना द्यावी लागेल. त्यांच्याकडे वेटिंग लिस्ट आहे." हिंदी सिनेमाच्या गाण्यांवर कमरा हलवायला वेटिंग लिस्ट, आणि माझ्याकडे पहिले दोन महिने विद्यार्थी किती? एक. त्याचं नाव इयन. कोल्हापूरचा जावई. "मला सासूबाईंशी बोलायचं आहे" असं सांगून आला आणि दुसऱ्या बाकावर झोपला.

खोलीला लागून स्वयंपाकघर होतं आणि तिथे रेचलआजी चहा करायच्या. मूळच्या मुंबईच्या मराठी ज्यू. पन्नासएक वर्षं लंडनमध्ये काढलेली, मुलं-नातवंडं सगळी इंग्रजीत गेलेली. म्हणून त्या दर रविवारी मंडळात यायच्या. त्यांच्या मराठीपुढे आमच्या अख्ख्या कमिटीने पाणी भरावं. त्या दर वेळी दारातून डोकवायच्या, बाक मोजायच्या आणि म्हणायच्या, "आज पण तो एकच का गं? जागा झाला की सांग, चहा देते."

तुम्हीच सांगा, माणसाने चिडायचं नाही तर काय करायचं?

जानेवारीतल्या एका रविवारी मात्र चमत्कार झाला. कारखानीसकाकांची मुलगी नेहा धापा टाकत आत शिरली. नेहा इथेच जन्मलेली, पिनरला आईबाबांबरोबर राहायची आणि हॅरोतल्या एका चष्म्याच्या दुकानात नोकरी करायची.

"मला मराठी शिकायचा आहे," ती म्हणाली. "आज. लगेच. माझा नाव लिही ना प्लीज, आणि कोणी विचारला तर मी आधीपासून येते."

आधीपासून येते! मला वाटलं, केवढी ही तळमळ! इतकी वर्षं वाया गेल्याची केवढी ही खंत!

वीस मिनिटांनी पुन्हा दार वाजलं. दारात एक सावळा, हसरा मुलगा. नाव बायू. इंडोनेशियातल्या सुराबायाचा, लंडनमध्ये पूल बांधण्याचं शिक्षण घेत होता. मोडक्या इंग्रजीत म्हणाला, "मला मराठी शिकायचं आहे."

मी खडू खाली ठेवला. "का?"

"कारण... सुंदर भाषा आहे."

नेहाने पुस्तकात तोंड घातलं ते वर काढलंच नाही. मी मनात म्हटलं, काय अभ्यासू मुलगी आहे!

त्या रात्री मी साताऱ्याला फोन केला. "आई, एक इंडोनेशियन मुलगा माझ्याकडे मराठी शिकतो! स्वतःहून!"

आई म्हणाली, "लग्नाचा आहे का?"

मी फोन आपटला.

बायू हुशार होता हो. मला 'बू गुरू' म्हणायचा, म्हणजे त्यांच्याकडे 'गुरुजी' बाई असल्या तर. भाषेला ते 'बहासा' म्हणतात, कारणाला 'कारेना'. एकदा मी फळ्यावर 'संसार' लिहिलं, तर म्हणाला, हा शब्द आमच्याकडे पण आहे. 'सेंगसारा'.

"वा! अर्थ?"

"हाल, बू गुरू. फार वाईट हाल."

चहाचा ट्रे घेऊन आलेल्या रेचलआजी म्हणाल्या, "बरोबर आहे त्यांचं."

असे आम्ही रमतगमत मार्चपर्यंत आलो. विद्यार्थी तीन, हवे होते पाच. पाडव्याच्या कार्यक्रमात वर्गाला पाच मिनिटं मिळाली होती आणि त्यानंतर कमिटी खोलीचं ठरवणार होती. म्हणजे त्या पाच मिनिटांवर माझा वर्ग जगणार की मरणार! मी रात्रंदिवस एकच विचार करत होते. असं काय करावं, की या सगळ्यांच्या माना शरमेने खाली जातील?

(गेल्या. पण ते नंतर सांगते.)

एका रविवारी चहाच्या वेळेला बायू फोनकडे बघून एकटाच हसत होता. मी विचारलं, काय झालं? म्हणाला, इथल्या इंडोनेशियन मुलांचा चॅटवर एक गट आहे. त्यातल्या एकाने मुलीला एसेमेस पाठवला, "आई, मी जेवलो." मुद्दाम. मग पाठोपाठ दुसरा, "सॉरी, चुकून तुला आला." मग तिने विचारलं, काय जेवलास? झालं काम!

"याला आमच्याकडे पे-दे-का-ते म्हणतात," बायू म्हणाला. "इंटरनेटवर नुसती चार अक्षरं लिहायची. सगळ्यांना कळतं. जवळ जाण्याचा कार्यक्रम."

"म्हणजे फसवणूक!" मी कप आदळला. "तुमच्या अख्ख्या पिढीला खोटं बोलायला शब्द लागतात? आवडली तर सरळ सांगता येत नाही?"

"सरळ विचारलं तर 'नाही' येऊ शकतं, बू गुरू. आणि मग दोघांना त्याच गल्लीत राहायचं असतं, तिची आई रोज आपल्या आईला भेटते. म्हणून आधी कारण पाठवायचं. त्याला आत घेतलं, तर मागून माणूस जातो."

"भ्याडपणा आहे हा!"

"हो," बायू नम्रपणे म्हणाला. "पण शब्द खूप छान आहेत."

नेहाला एकदम ठसका लागला. मी तिच्या पाठीवर थापटलं आणि बोलत राहिले. कारण माझ्या डोक्यात वीज चमकली होती! आपण मराठी लोक वेगळं काय करतो? पिनरमधली प्रत्येक मावशी मला फोन करून "सहज चहाला ये" म्हणते, आणि गेल्यावर सोफ्यावर तिचा भाचा केस चापून बसलेला असतो. त्याला साखर किती घालता विचारायचं, त्याने मला छंद विचारायचे. आपल्याकडे 'सहज' हा एकच शब्द, आणि तोही खोटा! या पोरांनी निदान आपल्या लबाडीला खरी नावं तरी दिली. जिवंत भाषा म्हणतात ती हीच!

"बायू, पाडव्याला तू वाचणार. तुमचे असे दहा शब्द, मराठीत अर्थ, आणि प्रत्येकाला तुझं स्वतःचं उदाहरण. बनवलेलं नको. खऱ्या आयुष्यातलं!"

बायूचा चेहरा पडला. "शाळेतले शब्द चालतील का, बू गुरू? झाड, नदी..."

"झाड-नदी कुणाला हवंय? खरं लिही!"

नेहा म्हणाली, "मुक्ता, आपण दुसरा काहीतरी करूया का? साँग वगैरे?"

"हा न्यूनगंड आहे, नेहा!" मी गरजले. इयन जागा झाला.

पुढच्या रविवारी बायूने दोन पानं दिली. परतताना गाडीऐवजी रेल्वेने दिलेली बस होती. मी मागच्या सीटवर बसून लाल पेनाने ती दोन्ही पानं तपासली. किती प्रेमाने तपासली म्हणून सांगू! 'तिचं लक्ष', 'तिचा लक्ष' नाही. 'गाडीतून' एक शब्द. विरामचिन्हं. पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत एक चूक सोडली नाही.

फक्त ती दोन पानं वाचली नाहीत.

काय बघताय असं? तुम्ही कधी शुद्धलेखन तपासलंय? तपासताना कुणी वाचतं का?

बायूने दोनदा फोन केला. "बू गुरू, एक विनंती आहे. उदाहरणं जरा खाजगी—" मी म्हटलं, "भाषेला लाज नसते, बायू!" आणि ऑफिसच्या यंत्रावर दीडशे प्रती काढल्या.

पाडव्याचा दिवस. एका शाळेचा हॉल, दीडशे खुर्च्या, प्रत्येक खुर्चीवर मी स्वतः ठेवलेली दोन पानं. मागून श्रीखंड-पुरीचा वास, त्यामुळे सगळ्यांचं अर्धं लक्ष तिकडे. आमच्या आधी लहान मुलांचं लेझीम, आमच्यानंतर ते डान्सवाले, चमचमते कपडे घालून विंगेत हसत उभे.

मी प्रस्तावना केली. पाच मिनिटं सगळ्याला मिळून होती, त्यातली नऊ मी घेतली. म्हटलं, "तुमची मुलं मराठीकडे पाठ फिरवतात. आणि हा तरुण बघा! याला मराठी शिकून काय मिळणार आहे? काहीही नाही! तरी थंडीपावसात येतो. का येतो? विचारा स्वतःला!"

बायू माइकपुढे आला. नक्षीचा बाटिक शर्ट, हातात कागद.

"पहिला शब्द. पे-दे-का-ते. अर्थ, जवळ जाण्याचा कार्यक्रम. आवडलेल्या माणसाजवळ जाण्यासाठी काहीतरी काम काढणे. उदाहरण. माझं मराठीशी काही काम नाही. तरी मी दर रविवारी मराठीच्या वर्गाला येतो."

हॉल हसला. मला वाटलं, उच्चार आवडले.

"दुसरा शब्द. ते-पे ते-पे. अर्थ, आपलं रूप शिंपडत फिरणे. उदाहरण. रविवारी मी इस्त्रीचा शर्ट घालतो. पण तिचं लक्ष फळ्याकडे असतं."

हशा वाढला. मागे उभी असलेली तरुण मंडळी शिट्ट्या मारायला लागली. फळ्याकडे? फळ्यापाशी तर मी असते!

"तिसरा शब्द. चुरहात. अर्थ, मन ओतून दाखवणे. उदाहरण. मी उदास चेहरा करतो आणि म्हणतो, मला घरची फार आठवण येते. मला घरची आठवण येत नाही. पण मग ती मला आपल्या डब्यातला लाडू देते."

लाडू! फेब्रुवारीत हा उदास बसला होता तेव्हा मी दिला होता हो लाडू! माझ्या आईने साताऱ्याहून पाठवलेला, बेसनाचा!

कारखानीसकाका पहिल्या रांगेतून उठले. "वन मिनिट, वन मिनिट. वर्गात बायका किती आहेत?"

कुणीतरी म्हणालं, "दोन."

"त्यातली एक माझी नेहा," काका म्हणाले. मग त्यांच्या चेहऱ्यावर मोठं सुटकेचं हसू पसरलं आणि ते हळूच खाली बसले. दीडशे माना माझ्याकडे वळल्या.

"अगं बाई, मुक्ता!" अध्यक्षबाई म्हणाल्या. काय तो प्रेमळ स्वर! अंगाचा तिळपापड झाला माझ्या.

पुढच्या दोन मिनिटांत जे झालं ते मी केलं, हे मला मान्य आहे. मी बायूच्या हातातून माइक घेतला.

"बायू! मी तुझी शिक्षिका आहे. मी मेडनहेडहून दोन तास प्रवास करून येते ते भाषेसाठी. आणि तू? तू माझ्या भाषेचा जिना केलास, माझ्यापर्यंत चढायला! तुला वाटलं मला कळणार नाही? तो शर्ट, तो लाडू! तुला माझं उत्तर हवंय ना? मग सगळ्यांसमोर घे. नाही! आज नाही, उद्या नाही, कधीही नाही! आणि आता तरी सरळ बोलायला शीक!"

पुऱ्या तळणंसुद्धा थांबलं.

बायू माइककडे वाकला. त्याच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. "बू गुरू," तो अगदी हळू म्हणाला, "क्षमा करा. तुम्ही नाही."

संध्याकाळभर खरखर करणारा तो माइक नेमका त्या दोन शब्दांना स्वच्छ चालला. 'तुम्ही नाही.' मागच्या रांगेपर्यंत. वाक्यात एक चूक नव्हती. मीच तर शिकवलं होतं.

तेवढ्यात दुसऱ्या रांगेतल्या एका मावशींनी चष्मा वर ढकलला आणि कागदावरून पुढचं मोठ्याने वाचायला घेतलं. "चौथा शब्द, जाइम. अर्थ, बाहेरून साळसूद दिसणे. उदाहरण. एक वाजता तिचे बाबा चंदेरी गाडीतून तिला न्यायला येतात. तेव्हा आम्ही एकमेकांना ओळखत नाही."

दीडशे कागद एकदम सळसळले. माझे बाबा साताऱ्यात एसटीने फिरतात. हॅरोत चंदेरी गाड्या पुष्कळ असतील, पण रविवारी एक वाजता लेकीला मराठीच्या वर्गातून न्यायला येणारे आणि ते मंडळभर अभिमानाने सांगत फिरणारे बाबा एकच!

कारखानीसकाका पुन्हा उठले. या वेळी हसू नव्हतं. "नेहा! व्हॉट इज धिस? यू टोल्ड मी यू वॉन्टेड टु लर्न! आय वॉज सो प्राउड! आय टोल्ड एव्हरीबडी!"

नेहा उभी राहिली. गोरीमोरी झाली होती, पण उभी राहिली.

"बाबा, माझा चूक आहे. बायूचा नाही. तो दुकानात आला, चष्म्याला. तीन वेळा आला. त्याचा डोळा एकदम चांगला आहे! मग तो विचारला, संडेला कॉफी? मी म्हटली, नाही, संडेला माझी मराठी क्लास असते. क्लास नव्हती, बाबा! मी खोटा बोलली, त्याला घालवायला. तर तो म्हटला, अरे वा, मी पण येतो! मग मला पण यायला लागला. पहिला मी खूप चिडली." ती थांबली. "नंतर नाही चिडली. आणि लाडू मी पण दिला होता. मुक्ताचा आवडला नव्हता त्याला."

बघा! लाडूसुद्धा नाही!

"धिस इज नॉट द पॉइंट—" काका ओरडले.

स्वयंपाकघराच्या दारातून रेचलआजींचा आवाज आला. "अहो कारखानीस! लेक एवढ्या माणसांत मराठीत बोलतेय, आणि तुम्ही इंग्रजी काय फाडताय? मराठीत द्या उत्तर!"

काकांनी तोंड उघडलं. बराच वेळ शोधून त्यांना दोनच शब्द सापडले. "घरी चल."

श्रीखंडाची वाटी मी तशीच ठेवून दिली. आणि लोक काय करत होते? माझं सांत्वन! "असं होतं गं," एक मावशी माझा हात दाबून म्हणाल्या, "मनाला लावून घेऊ नकोस. तुला दुसरा मिळेल." अहो, मी त्याला नकार दिला होता! दीडशे माणसांसमोर मी त्याला नाही म्हटलं होतं! पण नाही. हॅरोपासून पिनरपर्यंत सगळ्यांच्या लेखी नकार मला मिळाला होता. निघताना अध्यक्षबाईंनी तर कळसच केला. "मुक्ता, पुढच्या शनिवारी सहज चहाला ये. माझा भाचा आलाय."

खोलीचा विषय कुणी काढलाच नाही. काढायचा काय? तीन विद्यार्थ्यांपैकी दोन एकमेकांसाठी येत होते आणि तिसरा झोपायला. माझा वर्ग मेला होता. मीच दीडशे प्रती काढून त्याचा मृत्यू छापला होता.

आठवडाभर मी राजीनामा लिहिला. पाच पानं झाली. समाजाचा दांभिकपणा, तरुणांचा भ्याडपणा, कमिटीचा आळस, सगळं घातलं. रविवारी तो आणि खोलीची किल्ली परत द्यायला मी पुन्हा दोन गाड्या आणि एक बस करून हॅरोला गेले.

खोलीबाहेर रांग होती.

मला वाटलं, डान्सवाले ताबा घ्यायला आलेत. आणि खरंच, त्यातले सात-आठ जण तेच होते! बाकीची ती मागे उभी राहून शिट्ट्या मारणारी मंडळी. मुलांनी केसांना जेल लावलेलं, मुलींनी कानात नवं काहीतरी घातलेलं. सगळ्यांचे शर्ट इस्त्रीचे.

"इथेच मराठीची क्लास आहे ना?" एकाने विचारलं. विचारताना तो माझ्याकडे बघतच नव्हता.

आत गेले तर पहिल्या बाकावर नेहा आणि बायू. बायू उठून उभा राहिला, हात जोडले. "बू गुरू, मी खरंच क्षमा मागतो." आणि त्यांच्या बरोब्बर मागच्या बाकावर, नवी कोरी वही उघडून, कारखानीसकाका!

"तुम्ही?"

"माझं शुद्धलेखन जरा कच्चं आहे," काका म्हणाले. नजर समोरच्या दोन डोक्यांमधल्या अंतरावर. "म्हटलं, सुधारावं. आणि खोलीची काळजी करू नकोस. कालच्या मीटिंगमध्ये मी ठराव मांडला. दोन वर्षं तुझी."

तेवीस विद्यार्थी! डान्सची वेटिंग लिस्ट गळून माझ्या बाकांवर येऊन बसली होती. वर्ग वाचला होता. आनंद व्हायला हवा होता ना मला? पण मी बघत होते. एकाने पुढे वाकून शेजारणीकडे पेन मागितलं, त्याच्या स्वतःच्या खिशात दोन होती. दुसरी म्हणत होती, "मला फळा दिसत नाही, मी तिकडे बसू?" आणि तिकडून फळा अजिबातच दिसत नव्हता. इयनचा फोन वाजला. त्याने तो बंद केला आणि शेजाऱ्याला सांगितलं, "सासूबाई आमच्या घरी अजून तीन महिने आहेत." आणि झोपला.

माझं डोकं सटकलं.

"थांबा!" मी टेबलावर डस्टर आपटलं. "एक अक्षर शिकवण्याआधी मला खरं उत्तर हवंय. बहाणे नकोत. या खोलीत फक्त मराठीसाठी, निव्वळ मराठीसाठी कोण आलंय? हात वर करा! असा!"

आणि मी माझा हात उंच वर करून दाखवला.

नेहाने बायूकडे पाहिलं, बायूने जमिनीकडे. कारखानीसकाका पेन्सिलीला टोक काढायला लागले. दहा सेकंद गेली, वीस गेली. मी तशीच उभी. तेवीस जणांच्या त्या खोलीत एकच हात वर होता, आणि रागाने तो माझ्याच्याने खाली येईना.

तेवढ्यात रेचलआजी चहाचा मोठा ट्रे घेऊन दारातून आत आल्या. त्यांनी भरलेले बाक पाहिले, गप्प बसलेली पोरं पाहिली, मग माझ्या वर केलेल्या हाताकडे पाहिलं आणि काळजीने म्हणाल्या,

"बाहेर जायचंय का गं तुला? मग जा की! तुला इथे कोण अडवतंय?"